म्हातारा हसू दे

आमच्या गल्लीतली तोफूवाली माझ्या नवऱ्याला कधी ताजा तोफू द्यायची नाही. तिचा तरी काय दोष? आदल्या संध्याकाळी यांनी टीव्हीवर एखाद्या आंधळ्या बाईची एकुलती एक मुलगी उचलून नेलेली असायची, आणि दुसऱ्या दिवशी सकाळी हेच गृहस्थ छत्री टेकत तिच्या दुकानात जाऊन म्हणायचे, "जरा मऊ बघून द्या हं, दाढ दुखतेय." ती फडक्याखालचा कालचा तुकडा काढून द्यायची. हे तो तुकडा घरी आणून मला अभिमानानं दाखवायचे. "बघ फुसाए, शिळा दिला. म्हणजे कालचं काम बरं झालं."

तोकिएदा सेइजी हे नाव तुम्हाला ठाऊक नसेल. तोंड पाहिलं तर मात्र "अरे, हाच तो मेला!" म्हणाल. लाचखाऊ सुभेदार, तांदूळ दडवून ठेवणारा व्यापारी, देवळाची जमीन लाटणारा कारभारी. खेळ संपायच्या जरा आधी नायकाच्या तलवारीखाली आडवं व्हायचं आणि पुढच्या आठवड्यात दुसरं नाव घेऊन पुन्हा दुष्टपणाला लागायचं. उझुमासाच्या स्टुडिओत यांनी सगळी हयात अशी काढली. घरात झुरळ निघालं तर मला हाक मारायचे.

या धंद्यात नावांची उतरंड फार. खेळ संपला की नावं येतात. पहिलं नाव नायकाचं. सगळ्यात शेवटचं नाव एखाद्या मोठ्या, मुरलेल्या नटाचं. ते एकट्यानं येतं, पडदाभर येतं आणि क्षणभर थांबतं. मधली सगळी भरताड. आमचं नाव कायम त्या भरताडीत, चौघा-पाचांच्या दाटीत, झर्रकन वर जाणारं. हे आंघोळीला गेलेले असले की आतून ओरडायचे, "दिसलं का गं?" मी म्हणायची, "दिसलं, दिसलं." निम्म्या वेळा मला 'तोकि' एवढंच दिसलेलं असायचं.

त्या शेवटच्या जागेबद्दल हे कधी बोलले नाहीत. पण दुसऱ्या कुणाचं नाव तिथं आलं की यांचा चहाचा पेला हवेतच थांबायचा. इतकी वर्षं एका छपराखाली राहिल्यावर बायकोला पेल्यावरून कळतं.

पुढे तलवारीचे खेळ आटले. लोकांना म्हणे आता डॉक्टर आणि पोलीस आवडतात. स्टुडिओतल्या केसांच्या टोपांना बुरशी आली आणि यांना इस्पितळातल्या खाटेवरचे आजोबा करायला मिळू लागले. कवळी चिकटवायच्या मलमाची एक जाहिरात केली, त्यात हे नातवासोबत मक्याचं कणीस खातात. दुसऱ्या दिवशी तोफूवालीनं हसून ताजा तोफू दिला, वर मूठभर पात चिरून फुकट घातली. हे दोन दिवस धड जेवले नाहीत.

मग विसरायला लागले. आधी न्हाणीघरातला नळ, मग माझ्या बहिणीचं नाव. एकदा पहाटे घरातल्या सपाता घालूनच स्टुडिओच्या फाटकाशी जाऊन उभे राहिले, कारण म्हणे आज शूटिंग आहे. डॉक्टरांनी रोगाचं नाव सांगितलं. मी ते घरी आणलं आणि कुणाला सांगितलं नाही. झाकली मूठ सव्वा लाखाची. आम्हाला मूलबाळ नाही, त्यामुळे मूठ झाकायला मी एकटीच पुरे होते.

अशातच ऐन थंडीत अकिझुकी नावाचे दिग्दर्शक स्वतः आमच्या घरी आले. चाळिशीचे असतील. वाटाण्याच्या सारणाच्या वड्यांचा डबा पुढे ठेवून गुडघ्यांवर बसले आणि म्हणाले, "लहानपणी मी तुम्हाला इतका घाबरायचो की टीव्हीच्या खोलीत एकटा जायचो नाही."

"मग आता का आलात?" हे म्हणाले. "आता मला दातही नाहीत."

टीव्हीवरच दाखवायचा एक मोठा खेळ होता, तलवारीचाच. नायक धन्याच्या हुकमानं पोट चिरून घ्यायला निघालाय. पहाट झालीय. ओसरीवर त्याचा म्हातारा बाप बसलाय, त्याचं डोकं ठिकाणावर नाही. पोरगा कशासाठी चाललाय हे त्याला कळत नाही. तो फक्त एवढंच म्हणतो, "संध्याकाळी लवकर ये. थंडी आहे." पोरगा वाकतो आणि जातो. बस्स. तेवढंच काम.

"आणि शेवटचं नाव तुमचं," अकिझुकी म्हणाले. "एकट्याचं."

हे उठले आणि स्वयंपाकघरात गेले. मी मागून डोकावले. धुतलेला पेला घेऊन पुन्हा धूत होते, खूप वेळ.

मला वाटलं, देवानं उशिरा का होईना, पण वाटीत नेमकं वाढलं. पाहुणे गेल्यावर मी बोलूनही गेले, "अहो, विसरभोळ्याचं काम विसरभोळ्याला! याहून सोपं ते काय?"

इतके चिडले की जेवणाची थाळी सरकवली. "डोकं गेलेला असणं आणि डोकं गेलेल्याचं काम करणं, यात फरक असतो. त्याला ठाऊक नसतं, आपल्याला ठाऊक असावं लागतं. जोवर मला ठाऊक आहे तोवरच ते काम. नाहीतर मग रस्त्यावरचा कुठलाही म्हातारा आणून बसवा की!"

मग आमची तालीम सुरू झाली. मी बाजारात निघाले की यांनी दारात बसून ते वाक्य म्हणायचं. कधी जमायचं. कधी म्हणायचे, "छत्री घे." कधी नुसतेच माझ्याकडे बघत राहायचे आणि मी चपला घालून उगाच उंबऱ्यावर थांबायची. पण एक दिवस असं म्हणाले, "संध्याकाळी लवकर ये. थंडी आहे," की मला पुढं जाववेना. मुळा न घेताच परत आले. "का गं, बाजार बंद आहे का?" म्हणाले.

शूटिंग फेब्रुवारीत होतं, उघड्यावर, स्टुडिओच्या मागच्या गल्लीतल्या खोट्या घरात. लग्नाआधी मी तिथल्याच कपड्यांच्या खोलीत शिवणकाम करायची, म्हणून मला कुणी अडवलं नाही. मी दिव्यांच्या मागं उभी राहिले. डोक्याला टोप चढला, जुना सुती किमोनो अंगावर आला आणि हे ओसरीवर असे जाऊन बसले की जन्मापासून तिथंच बसलेत. गुडघ्याखाली पदर कसा सारायचा, पाठीला किती पोक काढायचा, सगळं अंगाला आपोआप आठवत होतं. तालमीत वाक्यही आलं. अगदी बरोब्बर आलं. माझी नखं तळहातात रुतली होती, ती मी सोडवली.

आता इथं तुम्हाला आमचा एक शब्द सांगायला हवा. सेटवर एखादी वस्तू मध्ये येत असेल तर 'उचला' म्हणत नाहीत. 'हसू दे' म्हणतात. घागर हसू दे, म्हणजे घागर उचलून बाजूला ठेव. ती खुर्ची हसू दे, तो दिवा हसू दे. का म्हणतात ते देवाला ठाऊक. नवं पोर कामाला लागलं की पहिल्या दिवशी त्याला बादलीपुढे उभं करून सांगायचं, "ही हसू दे रे," आणि ते बिचारं बादलीला गुदगुल्या करायला लागलं की सगळ्यांनी पोट धरायचं. तरुणपणी हे काम यांच्याकडे असायचं. गंभीर तोंडानं हुकूम द्यावा तर यांनीच. स्टुडिओतल्या मांजरीलाही तो शब्द कळत असेल.

तर कॅमेऱ्यावर कुरोबाने होते, आमच्याच वेळचे, बहिरटलेले आणि म्हणून ओरडून बोलणारे. त्यांना आधी नायकाची नुसती पाठ घ्यायची होती. कॅमेऱ्यातून डोळा न काढता त्यांनी हात हलवला आणि ओरडले, "आधी पोराची पाठ. म्हातारा हसू दे!"

त्यांच्या मनात काही नव्हतं. आमच्याकडे माणसालाही बादलीसारखंच उचलतात, त्यात कुणी वाईट वाटून घेत नाही. यांनी फक्त उठून दोन पावलं बाजूला व्हायचं होतं.

हे हसले.

ते हसणं साऱ्या देशाला पाठ होतं. आधी पोटात गडगड, मग खांदे, मग तोंड उघडून ते दुष्ट व्यापाऱ्याचं हा-हा-हा. पहाटेच्या ओसरीवर, मरायला निघालेल्या पोराच्या पुढ्यात, हे मान मागं टाकून हसत होते. कुणी थांबवलं नाही म्हणून हसतच राहिले. शेवटी धाप लागली तेव्हा थांबले आणि कुरोबानेंकडे बघून नम्रपणे विचारलं, "एवढं पुरे, की अजून?"

कुणी फिदीफिदी हसलं असतं तर बरं झालं असतं, मी चप्पल काढून धावले असते. कुरोबानेंनी डोक्यावरची टोपी काढून हातात घेतली. मयताच्या मेणबत्तीपुढे काढतात तशी. माझी मूठ भर उजेडात, सगळ्यांसमोर उघडी पडली होती.

अकिझुकी माझ्याजवळ आले. "वहिनी, कधीपासून?"

"मागच्या उन्हाळ्यापासून. पण वाक्य येतं त्यांना. आत्ता ऐकलंत ना तुम्ही? देवाशप्पथ येतं. एकदा घेऊन बघा."

भला माणूस, एकदा नाही, अनेकदा घेतलं. पण यांच्या डोक्यात आता 'हसायचं' हेच पक्कं बसलं होतं. नायक वाकला की हे हसत. समजावलं की मान डोलावत आणि पुन्हा हसत. एकदा मी दिव्यामागून हळूच वाक्य सांगितलं, तर नायकाकडे पाठ करून, अंधारात मला शोधत म्हणाले, "काय म्हणालीस? कोण येणारे लवकर?" ऊन छपराच्या मागं जायला लागलं. नायकाचा माणूस दोनदा घड्याळ दाखवून गेला; त्यांना तोक्योची गाडी गाठायची होती.

मग वाक्य आलेलं नसतानाच एकदम टाळ्या सुरू झाल्या. आमच्याकडे रीत आहे, नटाचं शेवटचं दृश्य झालं की काम थांबवून सगळे टाळ्या वाजवतात आणि त्याला फुलं देतात. सहायक बाईनं सकाळपासून बादलीत ठेवलेला गुच्छ आणला आणि खणखणीत आवाजात म्हणाली, "तोकिएदा-सान यांची सगळी दृश्यं पूर्ण झाली! आम्ही तुमचे ऋणी आहोत!" यांनी गुच्छ घेतला. चारही दिशांना वाकून नमस्कार केला. "तुम्ही सगळ्यांनी मला सांभाळून घेतलंत," म्हणाले. मीही वाकले. वाकलेलं डोकं वर काढायची मला हिंमत होईना.

कपड्यांच्या खोलीत मात्र गडबड झाली. पोरीनं यांचा पट्टा घाईघाईनं सोडला, किमोनो अंगातून ओढून काढला आणि घडी न घालताच बाहेर पळाली. काम संपलेल्या नटाचा कपडा असा कुणी पळवत नाही. त्याची सावकाश घडी होते, गप्पा होतात, चहा येतो. हे आतल्या पातळ कपड्यावर आरशासमोर बसले होते. दार अर्धवट उघडं होतं. बोळात होरिबे उभे होते, गर्दीतली कामं करणारे, यांच्याच वयाचे. ती पोरगी तोच किमोनो त्यांना नेसवत होती. "अजून गरम आहे हो," होरिबे म्हणाले. त्यांना आम्ही दिसलो नव्हतो.

हे आरशातूनच बघत होते. मग हळू म्हणाले, "फुसाए, मी वाक्य बोललो का?"

"बोललात की."

"कसं झालं?"

"छान झालं. सगळ्यांनी टाळ्या नाही का वाजवल्या?"

यांनी मान वळवून माझ्याकडे नीट पाहिलं. कितीतरी महिन्यांनी त्या डोळ्यांत माझा नवरा होता, पुरता, डोक्यापासून पायापर्यंत. "एकदा तुला गर्दीत उभं केलं होतं," म्हणाले, "तेव्हाही तू कॅमेऱ्याकडेच बघितलंस. नाही गं जमत तुला नाटक."

मी रडले. लपवायचं आता काय उरलं होतं? यांनी गुच्छ माझ्या मांडीवर ठेवला, होते तसेच उठले आणि त्या थंडीत, आतल्या कपड्यांवर, अनवाणी चालत सेटवर गेले. मी मागं धावले.

"अकिझुकी-सान," हे म्हणाले, "माझं नाव काढा."

"तोकिएदा-सान, असं नका करू. नाव राहू दे. ते काही या एका वाक्याचं नाही, साठ वर्षांचं आहे."

"साठ वर्षांची नावं येऊन गेली, लहान अक्षरांत. ती मी मिळवलेली. हे वाक्य होरिबे बोलणार. न बोललेल्या वाक्याखाली माझं नाव लागलं, तर मागचीही सगळी खोटी ठरतील. काढा."

"अहो, तुम्ही दमलाहात, घरी जाऊन..."

"मी उद्या काही वेगळं म्हटलं तर ऐकू नका," यांनी त्यांना मध्येच तोडलं. "आत्ता मला ठाऊक आहे. आत्ताचं ऐका." मग माझ्याकडे वळून म्हणाले, "तूही."

आम्ही ट्रामनं घरी आलो. ट्राम वळणावर आली तेव्हा यांनी माझ्या मांडीवरच्या गुच्छाकडे बघून विचारलं, "कुणाचं लग्न होतं गं?"

त्यानंतर रोज सकाळी एकच. "खेळ कधी दाखवणारेत? शेवटचं नाव आपलं आहे, लक्षात आहे ना? एकट्याचं." तोफूवालीला सांगून आले. न्हाव्याला सांगून आले. ज्या माणसानं अनवाणी जाऊन नाव काढायला सांगितलं, त्याचा मागमूसही घरात उरला नव्हता.

एप्रिलअखेर अकिझुकींचा फोन आला. "वहिनी, नावांची पट्टी आज पक्की होतेय. त्यांना आठवतंय का?"

"नाही."

"मग मी ठेवतो. त्यांना आनंद होईल. कुणाचं काय जातंय?"

हे पलीकडच्या खोलीत नखं कापत बसले होते आणि गुणगुणत होते. काय सांगणार होते मी? नखं कापणाऱ्याला नाव हवं होतं. त्या दिवशीच्याला नको होतं. दोघेही माझेच नवरे. एकाची हौस पुरवायची तर दुसऱ्याचा शब्द मोडायचा, आणि तो दुसरा पुन्हा कधी भेटणार नव्हता. विसरलेल्याची समजूत काढता येते, असं मला वाटलं. 'ठेवा' म्हटलं असतं तर आज सुखानं दोन घास खाल्ले असते मी. पण त्यांनी मला 'तूही' म्हटलं होतं.

"काढा," मी म्हणाले.

दाखवायच्या संध्याकाळी हे न्हाऊन, लग्नातला काळा किमोनो घालून टीव्हीसमोर ताठ बसले. ओसरी आली. होरिबे म्हणाले, "संध्याकाळी लवकर ये. थंडी आहे." "कोण, होरिबे का हा?" हे म्हणाले. "बरा बोलतो की." एवढंच. मग नावं सुरू झाली आणि यांचा पेला हवेत थांबला. भरताड वर गेली. पडदा काळा झाला. शेवटचं नाव आलं, एकट्याचं, पडदाभर. ते दुसऱ्या कुणाचं होतं.

जाहिराती लागल्या. साबणाची झाली, मोटारीची झाली. हे अजून बघतच होते.

"माझं राहिलं."

मी टीव्ही बंद केला.

"फुसाए, माझं नाव राहिलं. त्यांना फोन लाव."

"अहो, ते तुम्हीच काढायला सांगितलंत. तुम्ही स्वतः."

"मी?" चहा चटईवर सांडला. "मी सांगेन? जन्मभर वाट बघून मी सांगेन, माझं नाव काढा म्हणून?" मग यांनी माझ्याकडे पाहिलं, आणि काहीतरी यांच्या डोक्यात जाऊन पक्कं बसलं. "तू सांगितलंस. तुला माझी लाज वाटते. तूच."

तुम्हीच, तुम्हीच, असं मी किती वेळा म्हणणार होते? दर वेळी त्यांना नव्यानं कळलं असतं की आपलं डोकं गेलंय. ते त्यांना एकदा आरशात कळलं होतं, तेवढं पुरे होतं.

"हो," मी म्हणाले. "मी सांगितलं."

मला वाटलं, सकाळपर्यंत विसरतील. सगळंच विसरतात. बहीण विसरले, घर विसरले, परवा स्टुडिओचं नाव विसरले. पण एवढं मात्र विसरले नाहीत. डॉक्टर म्हणतात, अशा माणसांची गोष्ट जाते, राग मागं राहतो. आता मला नावानं हाक मारत नाहीत, 'ती बाई' म्हणतात. जिनं नाव काढलं ती. तिच्या हातचा चहा नको म्हणतात. मी पेला ठेवते आणि दाराआड जाऊन उभी राहते. कुणी नाही असं बघून मग पितात.